कुलगुरूंचा ज्योतिषी

आमच्या विद्यापीठाचे कुलगुरू डॉ. हरेश्वर वैती पंचांग बघितल्याशिवाय शिंकतसुद्धा नाहीत, अशी कुजबुज १९७३ साली अंधेरीपासून बोरिवलीपर्यंतच्या एकूण एक कॉलेजच्या स्टाफरूममध्ये चालू होती. सभा घ्यायची ती अष्टमीला, फार तर नवमीला. पौर्णिमा-अमावास्येला मात्र भर दुपारी साहेब खुर्चीवरून गायब. ड्रायव्हरलाही बरोबर नेत नाहीत. वेसाव्याच्या बाजूला कुणी एक ज्योतिषी आहे, विद्यापीठ तोच चालवतो आणि डॉक्टर नुसत्या सह्या करतात, असं लोक सांगायचे. ज्यांची कल्पनाशक्ती जरा जोरदार होती ते ज्योतिष्याच्या जागी मांत्रिक म्हणायचे. आणि हा माणूस कोण, तर पदार्थविज्ञानातला मोठा विद्वान, इंग्लंडहून डॉक्टरेट घेऊन आलेला! लोकांना किती आनंद झाला होता म्हणून सांगू.

ही कुजबुज सुरू कुणी केली, असं विचाराल तर नाव घ्यावं लागेल माझं आणि मालनचं. मी विद्यापीठाच्या सभा विभागात हेडक्लार्क आणि मालन आमची टायपिस्ट. पण त्याकडे येतो सावकाश. आधी माणूस बघा.

डॉक्टर जन्माचे वेसाव्याचे कोळी. वडील धाकू वैती टायफॉइडनं लवकर गेले आणि आई अंजनाबाईनं डोक्यावर मासळीची पाटी घेऊन, वेसाव्याहून अंधेरीच्या बाजारापर्यंत पायी ये-जा करून पोराला वाढवलं. पोरानं होडीवर जावं अशी गावाची अपेक्षा. गेलाही तो. पहिल्या दिवशी खाडीच्या तोंडाशी पोचेपर्यंत त्यानं इतक्या उलट्या केल्या, की तांडेलानं होडी वळवून त्याला परत काठावर आणून ठेवलं. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी तर होडी नांगरलेलीच होती, तरी तेच. बोट लागणारा कोळी वेसाव्यात त्याआधी कुणी पाहिला नव्हता. तेव्हा अंजनाबाईनं त्याच्या हातात पाटी-पेन्सिल दिली आणि म्हणाली, "हे तरी हलत नाय. बस." भारतातला एक शास्त्रज्ञ असा तयार झाला.

पुढे ते सैद्धांतिक भौतिकीत शिरले. म्हणजे काय, हे गावाला शेवटपर्यंत कळलं नाही. सायन्सवाला म्हणून लोक त्यांच्याकडे बिघडलेले रेडिओ घेऊन यायचे. एकदा तर चौघांनी मिळून होडीचं इंजिन खांद्यावर आणून ओटीवर ठेवलं. डॉक्टरांनी त्याभोवती दोन फेऱ्या मारल्या आणि म्हणाले, "तत्त्व बरोबर आहे." इंजिन चौघांनी परत नेलं.

"मग तुजा हरेश्वर करतो काय नेमका?" असं शेजारणीनं विचारलं की अंजनाबाई सांगायची, "बसतो. इचार करतो."

"आनि त्याची नोकरी?"

"तीच नोकरी."

शेजारीण दाराबाहेर जाऊन हसायची, आणि अंजनाबाई दाराच्या आत.

इंग्लंडात चार वर्षं काढून १९५२ साली ते परत आले तेव्हा गावानं बँड लावून मिरवणूक काढली. संध्याकाळी अंगणात पन्नास माणसं बसलेली असताना अंजनाबाईनं सगळ्यांसमोर विचारलं, "रं हरेश्वर, काय शिकलास ते सांग की आता."

डॉक्टरांनी उत्साहानं पाटी मागवली. पृथ्वी काढली, चंद्र काढला, मध्ये बाण काढले. चंद्र पाणी कसा ओढतो, भरती-ओहोटी कशी होते, हे अर्धा तास समजावलं. एवढी शांत बसलेली सभा त्यांना पुढे विद्यापीठातही कधी मिळाली नाही.

"ते झाला," अंजनाबाई म्हणाली. "उद्याला भरती किती वाजता?"

डॉक्टर अडखळले. "त्याला खाडीचा आकार लागतो, तळाची खोली लागते. गणित जरा लांब आहे. आठवडा तरी लागेल."

"आठवडा? तवर चौदा भरत्या येऊन जातील रं!" अंजनाबाईनं बोटं पुढे केली. "उद्या दशमी. धाची पाऊनपट कर. साडेसात. साडेसातला भरती. झाला तुजा इंग्लंड."

अंगण हसून लोळलं. दुसऱ्या दिवशी डॉक्टर घड्याळ घेऊन धक्क्यावर उभे राहिले, तर पाणी साडेसातलाच भरलेलं. तिथीची पाऊणपट म्हणजे भरतीची वेळ, हे गणित त्यांनी डायरीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवलं. मला एकदा ते पान दाखवून म्हणाले होते, "जयवंतराव, माझ्या सगळ्या प्रबंधांपेक्षा हा छोटा आहे आणि यात एकही चूक आजपर्यंत कुणी काढलेली नाही."

त्यांनी एकोणीस वर्षं संशोधन केलं. लग्न केलं नाही. कुणी विचारलं तर म्हणायचे, "तो प्रश्न मी पुढे ढकलला होता, मग राहूनच गेला." १९७१ साली आमचं विद्यापीठ कुलगुरूच्या शोधात होतं. नाव सांगत नाही. अंधेरी पूर्वेला, स्टुडिओ आणि कारखान्यांच्या मध्ये अंग चोरून उभं होतं एवढं पुरे. दोन गट होते. एका गटाचा माणूस दुसऱ्याला चालेना. वैती मात्र दोघांनाही चालले, कारण ते काय काम करतात हे दोन्ही गटांना सारखंच कळत नव्हतं.

आणि काय सांगू, माणसानं कारभार उत्तम केला! पहिल्याच आठवड्यात त्यांच्यापुढे हॉस्टेलच्या गळक्या नळाची फाईल गेली. अकरा वर्षं जुनी, उशीएवढी जाड. त्यांनी ती पूर्ण वाचली, विचारलं, "नळ अजून गळतो का?" आम्ही म्हटलं, "सर, ते हॉस्टेल सहासष्ट साली पाडलं." त्यांनी फाईलवर एक शब्द लिहिला: नगण्य. त्यांच्या शास्त्रात म्हणे असंच करतात. गणितात एखादी बारीकशी गोष्ट उगाच लुडबुडत असली की तिला नगण्य म्हणून सोडून द्यायचं, मग मोठं गणित सुटतं. तीन महिन्यांत चारशे फायली नगण्य झाल्या. निकाल वेळेवर लागायला लागले. विद्यार्थी तर घाबरूनच गेले, त्यांना सवय नव्हती.

पण चारशेतली एक फाईल बोरिवलीच्या प्राचार्य राजाध्यक्षांची निघाली.

प्राचार्य चंद्रप्रकाश राजाध्यक्ष. एका कॉलेजचे प्रमुख, आमच्या अधिसभेचे, म्हणजे विद्यापीठाच्या सर्वांत मोठ्या सभेचे, सभासद, आणि अंधश्रद्धेवर व्याख्यानं देत फिरणारे नामांकित बुद्धिवादी. आपल्या कॉलेजच्या नावापुढे 'आदर्श' हा शब्द लावायची परवानगी मिळावी असा त्यांचा अर्ज होता, नकाशे आणि फोटो जोडून. त्याच्यावर 'नगण्य' हा शब्द पडला. राजाध्यक्षांना तो अर्जावर नव्हे, कपाळावर लिहिल्यासारखा वाटला. त्या दिवसापासून ते डॉक्टरांच्या चुका शोधायला लागले, आणि इथेच आमची मालन उपयोगी पडली.

झालं असं, की सभेला सभासदांसाठी बटाटेवडे यायचे आणि उरलेले आमच्या विभागात. मालनचा अष्टमीचा उपास. एका दुपारी ती टाइपरायटरवर हात आपटून म्हणाली, "जयवंतराव, हा काय चावटपणा आहे? गेल्या सात सभा झाल्या ना, पाचांना माझा उपास! तुम्ही वडे खाता आणि मी साबुदाणा चिवडत बसते."

"योगायोग गं," मी म्हटलं.

"योगायोग काय? कॅलेंडर काढा!"

काढलं. पाच सभा अष्टमीला, दोन नवमीला. मग मागच्या दोन वर्षांचं रजिस्टर काढलं. सगळ्या तशाच. मग कुणाला तरी आठवलं की पौर्णिमा-अमावास्येला साहेब दुपारी जागेवर नसतात. मालननं डोळे मोठे केले, मी हवेत बोटानं कुंडली काढून दाखवली, आणि आम्ही दोघं पोट धरून हसलो. आमच्या बाजूनं एवढंच. पण विद्यापीठात गोष्ट एका टेबलावरून दुसऱ्यावर जाताना तिच्यावर शेरे पडत जातात. चार दिवसांनी ती माझ्याकडे परत आली तेव्हा ज्योतिष्याला दाढी आली होती, त्याचं वय ऐंशी झालं होतं, आणि डॉक्टर त्याच्या पायांचं तीर्थ घेत होते.

राजाध्यक्षांना तर घबाडच सापडलं. वैज्ञानिक म्हणून मिरवणारा कुलगुरू ज्योतिष्याच्या तालावर विद्यापीठ चालवतो! त्यांनी ठराव तयार केला: "कुलगुरूंच्या अवैज्ञानिक वर्तनामुळे या सभेचा त्यांच्यावर विश्वास उरलेला नाही." डॉक्टरांची पहिली मुदत १९७४च्या ऑगस्टमध्ये संपत होती, दुसरी मिळायची होती. ठराव पास झाला असता तर दुसरी मुदत गेलीच, वर कपाळावर शिक्का: भोंदूच्या नादी लागलेला शास्त्रज्ञ. बरं, परत संशोधनाला जावं तर तिथला धागा तीन वर्षांत तुटलेला. पन्नाशी उलटलेल्या माणसाला कोण परत खुर्ची आणि वही देतो? डॉक्टरांना हे सगळं कळत होतं. मला विचारायचे, "किती सह्या झाल्या हो?" मी आकडा सांगायचो. ते मान हलवायचे आणि पुढची फाईल घ्यायचे.

आता मजा ऐका. ठराव कधी मांडावा हे ठरवायला आमचे बुद्धिवादी राजाध्यक्ष गेले कुठे? मुलुंडला, एका ज्योतिष्याकडे! त्यांच्या बोटात पुष्कराज होताच. फक्त व्याख्यानाच्या दिवशी ते खडा तळव्याच्या बाजूला फिरवत. मला कसं ठाऊक? तो ज्योतिषी माझ्या मेहुणीच्या चाळीतला, आणि भिंत एवढी पातळ की मेहुणीला कान लावायचीसुद्धा तसदी घ्यावी लागली नाही.

राजाध्यक्षांनी आधी डॉक्टरांच्या सभांची यादी त्याच्यापुढे ठेवली. ज्योतिष्यानं ती दोनदा वाचली.

"अष्टमी, नवमी, अष्टमी, अष्टमी... प्राचार्यसाहेब, नवमी ही रिक्ता तिथी. शुभकार्याला आम्ही ती देतच नाही. कुठला ज्योतिषी असले दिवस काढून देतो?"

"म्हणजे ज्योतिषी नाहीच, असं म्हणता?"

"छे छे! एवढ्या वाईट दिवशी सभा घेऊन विद्यापीठ नीट चालतं ना? मग ज्योतिषी फार मोठा आहे. आमच्या कैक पटींनी पुढचा." आणि आवाज खाली आणून, "पत्ता मिळाला तर मलाही द्या."

राजाध्यक्ष जरा हादरले. पण मुहूर्त घेऊन आले: चार जुलै, गुरुवार, सकाळी अकरा वाजून सात मिनिटं. त्या दिवशी गुरुपौर्णिमा होती. कुलगुरूंवर अविश्वास, आणि तो गुरुपौर्णिमेला! मालन म्हणाली, "यांना आता फुलं कुणी आणायची?"

एक तृतीयांश सभासदांनी सह्या करून मागितलेली सभा. नियमानं त्यांनी दिलेल्या दिवशीच घ्यावी लागते. तारीख घेऊन मी डॉक्टरांकडे गेलो. त्यांनी बोटांवर काहीतरी मोजलं आणि त्यांचा चेहरा उतरला. मंत्र्यांचा फोन आला तरी तो चेहरा उतरत नसे. म्हणाले, "दुसरा दिवस नाही चालणार त्यांना?"

"नाही सर."

"मग निदान दहाला सुरू करू. पहिलाच विषय तो घ्या."

चार जुलैला दहाच्या ठोक्याला सभा भरली. डॉक्टर अध्यक्षस्थानी, सारखे घड्याळाकडे बघत. राजाध्यक्ष समोर, तेही घड्याळाकडे बघत. डॉक्टर म्हणाले, "प्राचार्य, मांडा ठराव." पण अकरा सात व्हायला एक तास होता! राजाध्यक्ष उठले आणि हरकतीचे मुद्दे काढायला लागले. मागच्या सभेच्या इतिवृत्तात स्वल्पविराम चुकलाय. पंखा फार जोरात आहे. पंखा हळू केला तर उकडतं. दहा पस्तीस झाले. डॉक्टरांनी टायची गाठ सैल केली.

"प्राचार्य, ठराव मांडताय का?"

"योग्य वेळी मांडीन!"

"योग्य वेळ कोणती?"

राजाध्यक्षांनी पुष्कराज तळव्याच्या बाजूला फिरवला.

दहा चाळीसला डॉक्टर उठले. "मला जायला हवं," ते म्हणाले. "ठराव माझ्याविषयी आहे, मला तो ठाऊक आहे. तुमचं चालू द्या. माझं मत नगण्य धरा." अध्यक्षपद कला शाखेच्या अधिष्ठाता रत्नप्रभाबाईंकडे देऊन ते चालते झाले.

मग राजाध्यक्षांना सुरसुरी आली. "पाहिलंत? पौर्णिमा! दुपार होत आली! ज्योतिष्याकडेच चाललाय. आज रंगेहाथ पकडतो!" त्यांनी माझं मनगट धरलं. "जयवंतराव, चला, तुम्ही साक्षीदार." मी म्हटलं, "सर, अकरा सातला ठराव..." "पंधरा मिनिटांत परत येतो हो!" मालन टाइपरायटरमागून मला खुणावत होती, जा जा, नंतर सगळं सांगायचं.

त्यांची फियाट सात बंगला भागातून वेसाव्याकडे सुसाट निघाली. पुढे डॉक्टरांची टॅक्सी एकदा दिसली, मग नाहीशी झाली. वेसाव्याच्या गल्लीच्या तोंडाशी पोचलो आणि गाडीनं एक उचकी देऊन जीव सोडला. खाली बघतो तर चाकं अर्धी पाण्यात. पुढे गल्लीभर पाणी, त्यात दोन बदकं आणि कुणाची तरी चप्पल.

राजाध्यक्षांनी आपल्या नव्या पांढऱ्या बुटांकडे पाहिलं. मग माझ्याकडे.

"जयवंतराव, तुम्ही कोकणातले. तुम्हाला पाण्याची सवय."

"सर, आमचं गाव डोंगरावर आहे."

"जा हो! इतिहास घडतोय!"

मी धोतर खोचलं आणि उतरलो. पाणी मांडीपर्यंत होतं. गल्लीतल्या बायका आपापल्या दारात भांडीकुंडी उचलत होत्या. एक ओरडली, "कोन पायजे?" मी म्हटलं, "वैती." तिनं मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं आणि हातानंच शेवटचं घर दाखवलं, जरा नाइलाजानं. दार उघडं होतं. मी आत बघितलं. अर्धं मिनिट बघितलं असेल. मग जसा आलो तसा परत फिरलो.

राजाध्यक्ष गाडीत पाय वर घेऊन बसले होते. "सापडला? दाढी आहे?"

"नाही सर. ज्योतिषी दिसला नाही."

"मग काय दिसलं?"

"पाणी."

त्यांनी पाय आणखी वर घेतले. "म्हणजे पाण्यातच राहतो," ते हळूच म्हणाले. "जलसिद्धी! बाप रे."

तिकडे सभागृहात काय झालं ते मालननं सांगितलं. अकरा वाजून सात मिनिटांनी रत्नप्रभाबाईंनी पुकारा केला, "प्राचार्य राजाध्यक्ष, ठराव मांडा." कुणी नाही. पुन्हा पुकारा. कुणी नाही. रत्नप्रभाबाई कडक, वर त्यांना भूक लागलेली. "ठराव मांडणाराच हजर नाही. ठराव बारगळला. सभा संपली." तोच ठराव वर्षभर पुन्हा आणता येत नाही असा नियम होता. त्या दिवशी अष्टमी नव्हे, पौर्णिमा असल्यामुळे मालनला उपास नव्हता. तिनं पाच वडे खाल्ले.

राजाध्यक्ष दुपारी साडेतीनला ओहोटी लागल्यावर, दोन तगड्या कोळिणींनी गाडी ढकलून दिली तेव्हा घरी गेले. ढकलताना त्यातली एक म्हणाली म्हणे, "गाडी हलते वं, आतला मानूस जड हाय!"

दुसऱ्या दिवशी डॉक्टरांनी मला बोलावलं. मी दारातच उभा राहिलो.

"जयवंतराव, काल तुम्हाला पाणी कुठपर्यंत लागलं?"

"मांडीपर्यंत, सर."

"हं. गेल्या वर्षीपेक्षा चार बोटं जास्त." त्यांनी डायरीत टिपून घेतलं. मग चष्मा काढला. "बाकी जे बघितलंत ते..."

"नगण्य, सर," मी म्हटलं.

ते हसले. एकदाच मी त्यांना तसं मोकळं हसताना पाहिलं.

ऑगस्टमध्ये त्यांना दुसरी मुदत मिळाली आणि ७७ साली ते सन्मानानं निवृत्त झाले. अफवा काही निवृत्त झाली नाही. पाण्यात राहणाऱ्या ज्योतिष्याचा पत्ता राजाध्यक्ष पुढे कित्येक वर्षं मला विचारत. मुलाच्या लग्नासाठी हवा होता. अंजनाबाईला कुलगुरूंच्या बंगल्यावर आणायचा प्रयत्न डॉक्टरांनी एकदा केला होता, तो दोन दिवस टिकला. "गेटवरचा मानूस मना इचारतो, कोन पायजे?" ती सांगायची. "म्हटला, तुजा सायेब पायजे, त्याचा कान पिलायचाय. आनि तय पान्याचा आवाज नाय, झोप कशी यावी?"

आज दोघंही नाहीत, राजाध्यक्षही नाहीत, तेव्हा सांगायला हरकत नाही. ज्योतिषी नव्हता. पंधराची पाऊणपट सव्वाअकरा. पौर्णिमा-अमावास्येच्या आगेमागे उधाणाची भरती दुपारच्या सुमाराला येते, आणि तेव्हा अंजनाबाईच्या घरात पाणी शिरत असे. १९६९ पासून तिचे गुडघे गेले होते, उठता येत नव्हतं. परक्या माणसाला ती अंगाला हात लावू देत नसे, आणि अंधेरीपर्यंत डोक्यावर पाटी नेणाऱ्या बाईला आता उचलावं लागतं हे गल्लीबाहेर कळू द्यायचं नाही, असं तिनं मुलाकडून कबूल करून घेतलं होतं. म्हणून कुलगुरू त्या दिवसांत सभा ठेवत नसत; अष्टमी-नवमीला भरती सगळ्यांत लहान, म्हणून सभा तेव्हा. ते घरी जात, पँट गुडघ्यावर दुमडत, आईला पाठीवर घेऊन शिडीनं माळ्यावर चढवत, मग तिच्या सुक्या बोंबलांच्या टोपल्या चढवत, आणि पाणी ओसरलं की आधी टोपल्या आणि मग आईला खाली उतरवत.